साडूंच्या पोथीचं विसर्जन

मेलेल्या माणसांच्या जेवणाची काळजी वाहणारा आमच्या थोरल्या साडूंइतका जिवंत माणूस अख्ख्या नागपुरात सापडायचा नाही. मेलेली म्हणजे पाच-सातशे वर्षांपूर्वी मेलेली, आणि तीही साधीसुधी माणसं नव्हेत, संत! साडूंची सारी नोकरी लकडगंजातल्या एका गोदामात सागवान जोखण्यात गेली, पण जीव अडकला तो जुन्या संतांत. त्यातही उपदेश, चमत्कार वगैरेंशी त्यांना फारसं कर्तव्य नाही. "संत काय बोलले ते सारेच सांगते, साडूभाऊ," ते मला म्हणतात, "जेवले कोणाकडं ते कोणी सांगत नाही. भाकर कोणं थापली? उष्टं कोणं काढलं? आंगणातून वापस कोणाले धाडलं? समाज तिथं दिसते!" हे व्याख्यान कुठेही सुरू होतं. माझ्या पुतणीच्या लग्नात त्यांनी वाढप्याला अडवून "तुमच्या गावच्या मठात पंगतीले कोण कोण बसते?" असं विचारलं आणि पुढची अख्खी ओळ वरणावाचून ताटकळली. वाढपी बिचारा "साहब, दाल लोगे क्या?" एवढंच म्हणाला, तर साडूंनी तेही वहीत टिपून घेतलं.

पारशिवनीच्या पलीकडे एका खेड्यात अशाच एका जुन्या संताची समाधी आहे. त्याचं नाव तुम्ही ऐकलेलं नसणार. मीही ऐकलं नव्हतं, गावकरी नुसतं 'महाराज' म्हणतात. हे महाराज साडूंचे खास. त्यांच्याविषयी साडू असे बोलतात की ऐकणाऱ्याला वाटावं, महाराज मागच्या गल्लीत भाड्याने राहतात. हे महाराज नदीकाठच्या पाच गावांत भिक्षा मागून एका प्रहरात परत येत, अशी आख्यायिका आहे. साडूंनी ती तपासायची ठरवली, आणि तीही मे महिन्यात! डोक्याला दुपट्टा, खिशात कांदा, हातात घड्याळ. तिसऱ्या गावात त्यांना ऊन लागलं. मी मनीषनगरहून गाडी काढून धावत गेलो, तर हे कडुनिंबाखाली बाजेवर पडलेले, दोन बायका तळपायांना कांदा चोळताहेत, आणि हे डोळे मिटूनच म्हणतात, "एक तर त्या काळातला प्रहर मोठा होता, नाहीतर महाराज हिवाळ्यातच जात होते. अन् लिहून घ्या, तिसऱ्या गावात पन्हं भेटते." घरी आणल्यावर माझ्या मेहुणीने कपाळावर हात मारून घेतला. "यांचं लगन तेराव्या शतकातच लावून द्यायले पाहिजे होतं," ती म्हणाली, "माझ्या मायले काहून सुचलं नाही कोण जाणे!" असं म्हणत ती त्यांच्यासाठी कैऱ्या उकडत होती.

समाधीजवळच्या एका शेतकऱ्याच्या घरी महाराजांची पोथी आहे. कोण्या शिष्याने लिहिलेली, लाल कापडाच्या बासनात गुंडाळलेली, देवघरातली. जगात तिची दुसरी प्रत नाही. महाराज कोणाच्या ओसरीवर टेकले, कोणत्या विधवेने त्यांना आंबील दिली, कोणत्या पाटलाने दार लावून घेतलं, हे सारं तिच्यात आहे, म्हणजे साडूंच्या दृष्टीने सोन्याची खाण. पण चार वर्षांपूर्वी पोथीला वाळवी लागली. घरच्या म्हाताऱ्या आजींनी निर्णय दिला: जीर्ण पोथी घरात ठेवू नये, पुण्यतिथीला नदीला द्यावी. तशी रीतच आहे. साडूंनी हातापाया पडून पाहिलं. संग्रहालयाला द्या म्हणाले. आजी म्हणाल्या, "घरचं दैवत तिथं ठेवू काय, पेंढा भरलेल्या वाघाशेजारी?" शेवटी तडजोड झाली. साडूंनी पोथीची हाताने नक्कल करायची, ती देवघरात राहील, मूळ पोथी पेंच नदीत जाईल. फोटो काढायचा नाही, आंघोळीशिवाय शिवायचं नाही. साडूंनी शब्द दिला आणि पाळला. मी एकदा मोबाईल बाहेर काढला तर माझ्या हातावर चापट मारली. दीड-दोन वर्षं दर रविवारी बसने जाऊन त्यांनी पान न् पान उतरवलं. कागद त्याच मापाचा कापला, बासन त्याच लाल कापडाचं शिवलं, दोरीची गाठही तशीच मारली, आणि तयार नक्कल देवघरात मूळ पोथीशेजारी ठेवली. हौसच तेवढी!

पुण्यतिथीच्या सकाळी मीच त्यांना गाडीने नेलं.  आजींचा मुलगा, म्हणजे तो शेतकरी, देवघरातून बासन डोक्यावर घेऊन निघाला, मागे टाळ, मागे सारं गाव. काठावर पाटावर बासन ठेवलं, हळदकुंकू वाहिलं. शेवटचा नमस्कार म्हणून साडूंनी ते दोन्ही हातांनी उचलून कपाळाला लावलं आणि तसेच थबकले. लाकूड पोखरलेलं की भरीव, हे उचलताक्षणी सांगणारा माणूस तो. त्यांनी बासन खाली ठेवलं आणि माझं मनगट धरलं. "साडूभाऊ," ते कानात म्हणाले, "हे जड आहे. हे माझं आहे."

"मग सांगा ना!" मी म्हटलं.

"सांगितलं तर दुसरं आणतीन."

पुढचा क्षण मी विसरणार नाही. दोन वर्षांची मेहनत समोर पाटावर, तोंड उघडलं की ती वाचणार आणि पोथी बुडणार. साडूंनी तोंड उघडलं नाही. नारळ फुटला, आरती झाली, बासन जरासं तरंगलं आणि पेंचेत गेलं. साडूंनी हात जोडले. त्यांचा चेहरा पाहून मला भीती वाटली होती, पण तो माणूस चक्क सुटल्यासारखा दिसत होता. दवाखान्यात डॉक्टर बाहेर येऊन "काळजी करू नका" म्हणतात ना, तेव्हा घरची माणसं दिसतात तसा.

आजींच्या घरी परतल्यावर जेवणाची पानं मांडली गेली. साडू पानावर बसले, उठले, पुन्हा बसले, पुन्हा उठले. मी म्हटलं, आता गप जेवा, सुंठीवाचून खोकला गेला आहे. पण ते सरळ चुलीपाशी आजींकडे गेले आणि सांगून मोकळे झाले. आजींनी देवघरातलं बासन आणवून उघडलं. आत वाळवीने खाल्लेली पानं. त्यांचा मुलगा शरमेने लाल झाला, आणि "मी चुकलो, आणतो दुसरा नारळ," म्हणत चप्पल घालू लागला.  साडू भिंतीला टेकून उभे होते.

"थांब गा," आजी मुलाला म्हणाल्या. "नारळ फुटला, आरती झाली. एकाच पोथीची दोनदा पाठवणी करते काय कोणी? जे जायचं होतं ते गेलं." मग साडूंकडे वळून म्हणाल्या, "अन् भाऊ, तुम्ही नदीवर काहून नाही बोलले?"

"हिंमत नाही झाली, माय."

"मंग आता कशी झाली?"

"तुमच्या घरचं जेवायचं होतं ना."

आजींनी भाताचं पातेलं उचललं. मग म्हणाल्या, "बसा. भात थंडा होऊन राहिला." मी तर एवढा मोठा श्वास सोडला की शेजारच्याने वळून पाहिलं. त्या दिवशी मी पाच पुरणपोळ्या खाल्ल्या. साडू एकीकडे जेवत होते आणि एकीकडे डोळे पुसत होते.

पण देवघरात वाचण्याजोगी पोथी हवीच, तेव्हा नक्कल पुन्हा पहिल्या पानापासून सुरू झाली. मूळ पोथी कापूर आणि निंबाचा पाला घालून साडूंनी आजींच्याच घरी एका पेटीत ठेवली आहे. आता मात्र त्यांची नजर अधू झाली आहे. जुनं बारीक अक्षर त्यांना दिसत नाही. म्हणून रविवारी आंघोळ करून मी त्यांना घेऊन जातो, मी वाचतो आणि ते मोठ्या अक्षरांत लिहितात. संतांचं मला कधी वेड नव्हतं, आजही नाही. पण ती आंबील देणारी विधवा आता मला ओळखीची वाटते. थोडीच पानं उरली आहेत. परवा साडू लेखणी थांबवून म्हणाले, "साडूभाऊ, तुम्ही आजकाल लय हळू वाचून राहिले." मी म्हटलं, अक्षर पुसट आहे. अक्षर चांगलं ठसठशीत होतं. पोथी संपली की आमचे रविवारही संपतील, आणि ते मला नको आहे, एवढंच.