नावाखालची रिकामी ओळ

ओल्या रंगाचा वास अजून दारात रेंगाळतो आहे. चैत्राच्या उन्हात तो अधिकच उग्र होतो आणि अंगणातल्या कडुनिंबाच्या मोहोराशी मिसळून मधूनच कोवळा भासतो. या वासासाठी आमचं दार किती वर्षं थांबलं होतं!

कोपरगावात घर बांधलं तेव्हा ह्यांनी दारावरची पाटी स्वतःच्या हातानं रंगवली. पाटबंधारे खात्यात हे अनुरेखक होते. दुसऱ्यांनी काढलेल्या नकाशांवर पारदर्शक कागद ठेवून रेघा गिरवणारे. पाटीवर त्यांनी केवळ नाव लिहिलं, खाली एक ओळ कोरी सोडली. तिथं 'आरेखक', म्हणजे स्वतः नकाशे काढणारा, हा शब्द यायचा होता. विभागीय परीक्षा उत्तीर्ण झालेच होते. बढती काय, आज ना उद्या येणारच!

ती आली, पण रशीदभाईंना. दोघे एकाच दिवशी नोकरीला लागलेले, निवडयादीत हे एका क्रमांकानं वर. परीक्षाही एकदमच दिलेली. मात्र मधल्या एका बदलीत ह्यांच्या सेवापुस्तकात उत्तीर्ण झाल्याची नोंद करायची राहून गेली. एका कारकुनाचा विसर, आणि एका माणसाचं अर्धं आयुष्य! अर्ज करकरून हे थकले, तेव्हा न्यायाधिकरणात जायचं ठरलं. वकील म्हणाले, ज्यांना बढती मिळाली त्यांनाही प्रतिवादी करावं लागेल. त्या दिवशी हे जेवले नाहीत. संध्याकाळी रशीदभाईच आले.

"घाल की नाव, वसंता. एवढा काय लाजतोस? लग्नपत्रिकेत घालायचं इसरलास, कोर्टाच्या कागदावर तरी घाल!"

मग दर तारखेला अर्जदार आणि प्रतिवादी एकाच एसटीनं, एकाच बाकावर बसून संभाजीनगरला जात. डबा माझा, लोणचं रशीदभाईंच्या घरचं. प्रतिज्ञापत्रात रशीदभाईंनी लिहिलं, की परीक्षेचा निकाल आम्ही दोघांनी एकाच फलकावर, शेजारी शेजारी उभं राहून वाचला होता. पुढच्यानं थांबून मागच्याची वाट पाहावी, याहून मोठी समानता कुठल्या कायद्यात लिहिलेली असेल?

हे अनुरेखक म्हणूनच निवृत्त झाले. मागच्या पावसाळ्यात गेले. वारस म्हणून अर्जावर माझं नाव लागलं, आणि या फाल्गुनात आदेश आला: रशीदभाईंना बढती मिळाली त्याच तारखेपासून ह्यांनाही आरेखक मानण्यात यावं. सरकारी भाषेत याला मानीव दिनांक म्हणतात. जे घडायला हवं होतं ते त्या दिवशी घडलंच होतं, असं सर्वांनी मानायचं. त्या कागदाकडे मी बराच वेळ पाहत राहिले. गेलेला दिवस असा परत बोलावता येतो? मग माणूसच का येत नाही?

काल सकाळी रशीदभाई रंगाचा डबा आणि बारीक कुंचला घेऊन आले. चष्मा पुसला, पट्टीनं पेन्सिलीच्या दोन फिकट रेघा मारल्या. "वसंताची अक्षरं माझ्यापेक्षा लई चांगली. नावं ठेवील मला," असं पुटपुटत कोऱ्या ओळीत एकेक अक्षर भरलं. मग हात थांबला. नावाच्या अलीकडे बोटभर जागा होती. माझ्याकडे न बघता त्यांनी हळूच विचारलं,

"वहिनी, पुढं 'कै.' घालायचं का?"

मी आदेशातली ती मानीव तारीख आठवली. त्या दिवशी हे सकाळी दाढी करताना गुणगुणत होते की नाही, मला सांगता येणार नाही, पण होते.

"नको, रशीदभाई. त्या तारखेला ते होते."

त्यांनी मान हलवली आणि कुंचला रॉकेलमध्ये बुडवला. रंग वाळायला दोन दिवस लागतील म्हणाले. तोवर दार लोटताना मी पाटीला हात लागू देत नाही.