नकाराचा नमुना

आमच्या सरकारी कचेरीत मी टायपिंग करायची. बढती मिळाली की बदली पुण्याबाहेर व्हायची आणि बायका बढती नाकारायच्या. तसं लेखी द्यावं लागे. ते पत्र सगळ्या माझ्याकडून टाइप करून घ्यायच्या. शेवटी कंटाळून मी एक नमुनाच करून खणात ठेवला: 'घरगुती अडचणींमुळे सदर पदोन्नती स्वीकारण्यास असमर्थ आहे.' नाव, हुद्दा, तारीख घातली की झालं. एकाही पुरुषानं तो कधी मागितला नाही.

माझी पाळी आली तेव्हा मी ठरवलं होतं, जायचंच. सातारा म्हणजे काही विलायत नव्हे. सोमवारी स्वारगेटहून एस.टी. धरायची, शनिवारी परत. ह्यांनी नाही म्हटलं नाही हो! नुसतं विचारलं, "आईचं पथ्यपाणी कोण बघणार? पोरीची दहावी आहे. तू ठरव, मी अडवत नाही." एवढं बोलून पेपर उघडला. आठ दिवस मी एकटीच उत्तरं शोधत बसले. नवव्या दिवशी खणातून नमुना काढला. स्वतःचं नाव टाइप करताना असा संताप आला म्हणून सांगू! तरी सही मात्र वळणदार केली, मेली सवय. माझ्याऐवजी यादीत माझ्या मागचे एक गृहस्थ गेले. दोन वर्षांनी ते साहेब होऊन परतले आणि रिटायर होईपर्यंत मी त्यांचीच पत्रं टाइप केली.

गेल्या महिन्यात वारज्याहून लेकीचा फोन आला. तिला वर्षभरासाठी हैदराबादच्या ऑफिसात मोठी जागा मिळतेय. "पण कसं जमणार गं आई? पोरगी पाच वर्षांची. नाही म्हणून कळवून टाकते."

गुडघ्यांनी मला नको जीव करून सोडलंय. तरी ओरडलेच, "खबरदार! मी येते."

ती गेली, मी आले. जावई भला माणूस. पहिल्या दिवशी चहासुद्धा त्यांनीच केला. कप माझ्या हातात देत म्हणाले, "बरं झालं आई, तुम्ही आलात. प्रश्नच मिटला."

मला एकदम फार थकल्यासारखं झालं. चहा खाली ठेवला. म्हटलं, "सोमवार ते बुधवार मी बघेन. गुरुवारपासून डबा, शाळा, अभ्यास, सगळं तुम्ही."

ते गोंधळले. "पण आई, मला ऑफिस असतं."

"मलाही होतं," मी म्हटलं.