मेन स्ट्रीटला वळण का आहे

निवृत्तीनंतर आम्ही हॅमिल्टनहून पाऊण तासावरच्या एका छोट्या गावात घर घेतलं. दोन हजार सालानंतरची ती पहिली काही वर्षं. ह्यांनी जन्म पोलादाच्या कारखान्यात काढला होता, मी एका वकिलाच्या ऑफिसात टायपिंग करण्यात. दोन्ही मुलगे नोकऱ्यांपायी लांब गेले होते. गावात मराठी माणसं आम्ही दोघंच. बर्फ शोव्हल करायचं, चहा प्यायचा आणि एकमेकांच्या चुका काढायच्या, एवढंच काम उरलं होतं.

अशात गावच्या म्युझियमला माणूस हवा होता. गाव वसवणाऱ्या इंग्रजाच्या रोजनिश्या टाइप करायच्या होत्या आणि त्याचं तिरकं, जोडून लिहिलेलं अक्षर तिथल्या तरुण मंडळींना लागत नव्हतं. मला लागायचं. माझे वडील कोर्टात कारकून होते, जुन्या इंग्रजी कागदांवरच मी वाचायला शिकले. हे म्हणाले, इंग्रजांनी दीडशे वर्षं राबवून घेतलं ते कमी पडलं वाटतं, आता फुकट राबायला निघालीस. मी म्हटलं, दिवसभर तुमचं तोंड बघण्यापेक्षा मेलेला इंग्रज बरा.

म्युझियम म्हणजे त्याचंच दगडी घर. वरच्या मजल्यावर, त्याच्याच खोलीत, खिडकीपाशी मला टेबल मिळालं. मंगळवार आणि गुरुवार, सकाळी दहा ते एक. फर्नेस कितीही चालू असला तरी त्या खोलीत पाय गारच राहायचे.

इंग्लंडमधल्या एका सुताराचा तो धाकटा मुलगा. तेविसाव्या वर्षी बायकोला घेऊन जहाजाने आला. ओढ्याकाठी ओंडक्यांचं खोपट बांधलं आणि पहिल्या हिवाळ्यात नांगराचा बैल मारून खाल्ला. मग ओढ्याला बांध घालून आधी लाकूड कापायची गिरणी काढली, नंतर पिठाची. गिरणीपाठोपाठ लोहार आला, दुकानदार आला, चर्च उभं राहिलं. तेव्हा त्याने दोरी आणि खुंट्या घेऊन स्वतः रस्ते आखले. माणूस खडूस. रोजनिशीत हवा, पाण्याची पातळी, आणि कामावर कोण आलं नाही. बायको आजारी पडली तरच तिचं नाव निघायचं.

मला त्याचा राग यायचा. जमीन मुळात ज्या आदिवासींची होती ती माणसं त्याच्या वहीत जेमतेम दोन ओळींत येतात. पुढे एके ठिकाणी गिरणीचा पाट खणताना जुनी हाडं लागली, माणसांची. त्याने लिहिलंय की गाडीत भरून खालच्या शेतात टाकली, पाट शनिवारी पुरा झाला. ती ओळ टाइप करून मी खुर्ची मागे सरकवली आणि त्या रिकाम्या खोलीला मराठीत चार शब्द सुनावले. त्या दिवसापासून तो माझ्या पाठीमागे उभा आहे असं वाटायला लागलं. मी भित्री नाही. पण मागे वळून बघायचं मात्र टाळायचे.

फेब्रुवारीत तिसऱ्या वहीत ती नोंद आली. आज मुलगा झाला, जिवंत नव्हता. पुरलं. विहिरीपासून पूर्वेला बारा पावलं, तिथून उत्तरेला दोन. खाली नेहमीप्रमाणे पाण्याची पातळी.

माझे हात थांबले. कारण लग्नानंतर इथे आले त्या पहिल्याच हिवाळ्यात माझंही असंच झालं होतं. पूर्ण दिवसांची मुलगी. इस्पितळात मी गुंगीत होते, तिला पाहिलंही नाही. आमच्याकडे इतक्या लहान जिवाला अग्नी देत नाहीत, पुरतात. तिचं श्राद्ध नाही, पक्ष नाही, आणि तिच्याबद्दल बोलायचंही नाही. जे करायचं ते ह्यांनी केलं, घरी येऊन डोक्यावरून आंघोळ केली, आणि तो विषय तिथेच संपला. तिला कुठे ठेवलं ते मला माहीत नव्हतं. पुढे दोन मुलगे झाले, त्यांची लग्नं झाली, पण ह्यांनी मला ती जागा कधी सांगितली नाही, हा सल माझ्या मनातून गेला नाही. त्यांच्याशी मी भांडायचे ते भाजीतल्या मिठावरून. त्यातलं निम्मं भांडण त्या जागेचं असायचं, हे त्यांना कुठे ठाऊक होतं?

त्यानंतर मी इंग्रजाच्या वह्या वेगळ्या नजरेने वाचायला लागले. दोन वर्षांनी त्याने विहीर बुजवली. त्या दिवशीच्या पानावर नवं माप: धान्याच्या कोठाराच्या कोपऱ्यापासून एकतीस पावलं. कोठार जळालं, तेव्हा चर्चच्या पायरीपासून. काहीही पाडलं, हलवलं, नवं बांधलं की पानाच्या तळाशी ते माप, एका ओळीत. हे माप मुलाचं, असं कुठे लिहिलेलं नाही. नुसती पावलं. मला खोलीत त्याची पावलं मोजलेली ऐकू यायची. खरंच यायची, त्याला मी तरी काय करू?

खालच्या दिवाणखान्यात गावाचा पहिला नकाशा लावलेला होता, त्याच्याच हातचा. त्यावर बाकीचे रस्ते पट्टीने ओढल्यासारखे सरळ, फक्त मेन स्ट्रीट चर्चच्या पुढे जरा बाजूला होतो आणि पुन्हा ओळीवर येतो. म्युझियम चालवणाऱ्या बाई शाळेच्या पोरांना सांगायच्या की तिथे पूर्वी दलदल होती. मी चर्चच्या पायरीपासूनचं माप कागदावर घेतलं आणि एक वाजता कोट चढवून बाहेर पडले. पायरीपासून चालत गेले. माप त्या वळणाच्या पोटात संपलं. तिथे एक बाक होता, पोस्टाची पेटी होती आणि बर्फ होतं. एक ट्रक आला, वळणाशी हळू झाला आणि गेला. गावातली प्रत्येक गाडी रोज त्या मुलाला वळसा घालून जात होती आणि कुणालाच पत्ता नव्हता.

परक्यांची हाडं ज्याने गाडीत भरून फेकली, त्याच माणसाने स्वतःच्या मुलासाठी गावाचा रस्ता वाकवला होता. त्याला माफ करावं असं मला वाटलं नाही. पण त्याच्या बायकोचा मला हेवा वाटला. इतका, की थंडीतही माझे कान तापले.

घरी आले तेव्हा हे ओट्यापाशी मटार सोलत होते. मी कोटही काढला नाही. म्हटलं, "एका अडाणी इंग्रजाने गाव वाकवलं. तुम्हाला मला एक जागा सांगता आली नाही?"

कुठली जागा, असं त्यांनी विचारलं नाही. हातातली शेंग खाली ठेवली.

"तूच म्हणाली होतीस," ते म्हणाले. "इस्पितळातच. मला कुठे ते सांगू नका, कधीच सांगू नका. आईला जागा कळली तर पुढचं मूल टिकत नाही, असं तुमच्याकडे म्हणतात म्हणालीस. माझ्याकडून शपथ घेतलीस."

मला आठवेना. अजूनही आठवत नाही. पण ती समजूत आमच्या घरातलीच, माझ्या आजोळची. ह्यांच्या घरी ती कुणी ऐकलेलीही नव्हती. म्हणजे ते खरंच बोलत होते. "धाकटा झाल्यावर मी पुन्हा विचारलं होतं, आता सांगू का," ते म्हणाले. "तू उठून आत गेलीस." तेही मला आठवत नाही. तीस वर्षांहून अधिक काळ मी ज्या गोष्टीसाठी ह्या माणसाला मनात धारेवर धरलं, ती गोष्ट त्याने माझ्याच शब्दाखातर केली होती. मी म्हटलं, चला, आत्ताच दाखवा.

मटार तसेच टाकून आम्ही निघालो. हॅमिल्टनला दफनभूमीच्या फाटकातून आत शिरल्यावर त्यांनी कुठेही गाडी थांबवून पाटी वाचली नाही. लहान मुलांचा भाग मागे, कुंपणालगत. बर्फ अर्धवट वितळलेलं होतं. ते सरळ एका जागी गेले, गुडघा टेकायला त्यांना वेळ लागला, आणि हातमोज्याने बर्फ बाजूला केलं. जमिनीलगत बसवलेला वहीएवढा दगड. त्यावर इंग्रजीत एक नाव होतं, आमचं आडनाव होतं.

तिला नाव होतं हे मला त्या दिवशी कळलं. फॉर्मवर रकाना होता, म्हणून त्यांनी एकट्यानेच तिथे उभ्या उभ्या ठेवलं होतं. ते मी इथे लिहिणार नाही. मी ते एकदा हळूच उच्चारलं आणि म्हटलं, हिला आज पहिल्यांदाच कुणी हाक मारली असेल.

"मी मारतो," ते म्हणाले. "टायर बदलायला म्हणून येतो ना मी."

वर्षातून दोनदा, बर्फासाठीचे विंटर टायर घालताना आणि काढताना. एवढ्याशा कामाला अख्खी दुपार का लागते म्हणून दर वेळी मी त्यांना बोलले होते. त्यांच्या पँटचा गुडघा ओला झाला होता. मी शेजारी बसले आणि इतक्या वर्षांत ज्याची हिंमत झाली नव्हती ते विचारलं, दिसायला कशी होती?

त्यांनी दगडावरचं उरलंसुरलं बर्फ पुसलं.

"केस होते," ते म्हणाले. "खूप. ओले होते अजून."