जाऊबाईंच्या जास्वंदीतली बुलबुल

आमच्या थोरल्या जाऊबाईंना झाडांतलं ओ की ठो कळत नाही. उभा जन्म टेलिफोन ऑफिसात "थांबा हं, जोडून देते" म्हणण्यात गेला. आमच्या बाल्कन्या अगदी खेटून. माझ्या कुंड्यांत एक वाळकं पान दाखवा! त्यांची जास्वंद मात्र नुसती झिपरी. आणि बुलबुलांच्या जोडीने घरटं कुठे बांधावं? त्या झिपरीत! माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला.

त्यात जाऊबाईंचं कौतुक बघा. फवारा बंद, कात्री बंद. बाटलीने हळूच मुळाशी पाणी सोडायचं, आणि त्याआधी तोच ऑफिसातला मऊ आवाज, "थांबा हं, जरा पाणी देते." मादी अंड्यांवरून हलायची नाही. मी कठड्यावरून नुसतं डोकावले की भुर्र! मेली, मी काय मांजर आहे?

पुढे जाऊबाईंच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन ठरलं. लेकीकडे निघताना किल्ली माझ्या हातात देत म्हणाल्या, "तेवढं पाणी घाल गं. पण जपून. ती घाबरून कायमची गेली तर अंडी वाया जातील."

मी गेले आणि ती उडालीच. दुसऱ्या खेपेलाही तेच. वाळकी पानं खुडायला हात शिवशिवत होते, पण आवरले. ती परत येऊन बसेपर्यंत माझ्या जिवात जीव नसायचा. शेवटी कोणी ऐकत नाही ना ते पाहिलं आणि जाऊबाईंचा आवाज काढला, "थांबा हं, जरा पाणी देते." माझी मलाच लाज वाटली. पण बाईसाहेब बसून राहिल्या! मला चक्क रडू आलं. मग रोज तेच. आता ती माझी होती.

जाऊबाई परतल्या त्या डोळ्यांवर भला मोठा काळा चष्मा लावून. पिशवी टाकली, बाटली भरली आणि थेट बाल्कनीत. "थांबा हं..." भुर्र! त्या मागे सरल्या, ती परत आली. त्या पुन्हा पुढे झाल्या, पुन्हा भुर्र.

जाऊबाईंचा चेहरा एवढासा झाला. "विसरली गं मला," म्हणाल्या. "आता तूच घालत जा पाणी."

चष्म्याला बुजली होती ती. मला तेव्हाच कळलं.

"घालीन की," मी म्हटलं आणि त्यांच्या हातातली बाटली घेतली.