पारूचा मुराळी

मी पुसेगावचा सटवाजी. ऐकायचं तर गप ऐका, मधात "बिचारा" म्हणू नका, त्या शब्दाचा मला लई राग येतो. बिचारा मी न्हाई. जे झालं ते म्या केलं, चांगलं डोळे उघडे ठेवून केलं.

पारू माझी बहीण, माझ्यापरीस दोन वर्षांनी मोठी. उन्हाळ्यात आमचा बाप दगडोबा कयाधूच्या वाळूत टरबुजाची वाडी लावायचा. वाळूत गाडी रुतते, म्हणून ती वर दरडीवर उभी करायची आन् फळं खालून वर फेकायची. फेकायची पारू, झेलायचा मी. चार शेराचं फळ ती असं सोडायची की ते अलगद हातात यावं. झेलायची बी एक रीत असती. हात ताठ धरायचे न्हाईत, फळासंगं खाली न्यायचे, पोटाशी धरायचं आन् गुडघ्यात बसायचं. ही रीत तिनंच मला शिकवली. पहिल्या दिवशी म्या तीन टरबुजं फोडली, तर बापाला म्हणली, "आबा, म्याच वंगाळ फेकली." मार तिनं खाल्ला.

बाराव्या वर्षी तिचं लगीन झालं, चौदाव्या वर्षी नवरा पटकीनं गेला. आमच्यात रांडव पोरीचा पाट लावत न्हवते. मोठ्या घरचा मोठेपणा! पोरगी डोकं झाकून कोपऱ्यात बसली तरी चालंल, पर नाक वर पाहिजे.

सन चौतीसच्या उन्हाळ्यात आमी हिंगोलीच्या बाजारात टरबुजं विकून राहिलो व्हतो. तिथं खेळाची एक कंपनी उतरली व्हती. मालक धर्मसिंग. आधी पलटणीत व्हता, तिथं साहेबाकडून बास्कीटचा खेळ शिकला व्हता. त्याच्या कंपनीत सहा बाया. दोन खांब, खांबाला लोखंडी कडी, कडीला जाळी, जाळीला बूड न्हाई. लोक हसायचे, म्हणायचे, बिनबुडाच्या टोपलीत काय राहतंय? पर त्या जाळीतून चेंडू खाली पडला की गुण मिळायचा.

धर्मसिंग टरबुजं घ्यायला आला. त्याचा आचारी दोन गाड्यांच्या पलीकडं टोपलं घेऊन उभा. पारूनं हितूनच पाच फळं त्या टोपल्यात टाकली, एकाला चीर पडली न्हाई. धर्मसिंग बघतच राहिला. "बापू, ये लडकी मुझे दो. इज्जत से रखूंगा, खेल की तनखा दूंगा."

बाप फळं मोजत राहिला. माय म्हणली, "हितं बसून मरण्यापरीस जा बाई." आन् मी, सोळा वर्षांचा शहाणा, म्हणलो, "जा तू. पंचमीला मी मुराळी येतो."

आमच्याकडं सासरवाशीण पोरगी पंचमीला माहेरी येती ती आपल्या पायानं येत न्हाई. भावानं गाडी घेऊन न्यायला जायचं. त्यालाच मुराळी म्हणत्यात. मुराळ्याबिगर बाई माहेरचा उंबरा चढत न्हाई, मग चार कोसावर असो का चाळीस. हा शब्द माझ्याकडं कोणी मागितला न्हवता. म्या आपणहून दिला.

पंचमी यायच्या आधीच बोंब आली. सेनगावच्या कोण्या माणसानं तिला अकोल्यात पाहिलं. "दगडोबाची रांडव लेक अर्ध्या चड्डीत हजार गड्यांपुढं चेंडूमागं पळून राहिली!" पंच बसले. पाणी बंद म्हणले. माझं लगीन ठरलेलं, ते मोडायला आलं. तवा पंचांनी तोड काढली, तिच्या नावानं अंघोळ करा. आमी कयाधूवर गेलो. बापाचा हात उठंना. पहिला तांब्या म्या डोक्यावर घेतला आन् म्हणलो, "पारू मेली." माझं लगीन वेळेवर झालं. बुंदी बी चांगली झाली व्हती.

तिला ह्यातलं काई ठाऊक न्हवतं. दर साली आषाढ सरता सरता तिचं कार्ड यायचं, कंपनीच्या कारकुनाच्या हातचं. नागपुराहून, रायपुराहून, कुठून कुठून. शेवटची ओळ तीच, "सटवाला मुराळी धाडा, वाट बघून राहिले." डाकवाला वाचून दाखवायचा, मी कार्ड चुलीत घालायचो. माय विचारायची, "पारूचं काई आलं का रं?" मी म्हणायचो, "न्हाई." सहा कार्डं जाळली म्या. माय बेचाळीस साली गेली, ती पोरगी माहेर विसरली असं समजूनच गेली.

आन् तिकडं पारू काय करत व्हती? हे मला पुढं धर्मसिंगानं सांगितलं. पहिलं साल तिनं नुसते चेंडू उचलले. दुसऱ्या साली खेळाया लागली. तिसऱ्या साली कंपनीच्या जाहिरातीवर तिचा फोटो. खेळ संपला की ती पाच चेंडूंची पैज लावायची, गर्दीतला कोणताबी गडी यावा, तिच्यापरीस एक जास्त टाकून दाखवावा. पैलवान आले, कॉलेजची पोरं आली, एक गोरा सोजीर आला. कोणी जिंकला न्हाई. नागपुरात बोट मोडलं तर खपाट्या बांधून खेळली. नव्या पोरींना महिनाभर फेकू द्यायची न्हाई. म्हणायची, "आधी झेलाया शिका. हात फळासंगं खाली." चेंडूला फळ म्हणायची येडी.

एक्केचाळीसच्या श्रावणात कंपनी हिंगोलीला आली. पावसाळ्यात जिनिंगचं कापसाचं गोदाम रिकामं असतं, त्यात खेळ मांडला. हिंगोलीत थांबायचा हट्ट पारूचाच व्हता. पंचमीला चार दिवस व्हते.

मी बाजारचं निमित्त करून गेलो. काहून गेलो? सांगता येत न्हाई. घोंगडं डोक्यावरून घेतलं आन् मागं उभा राहिलो. काय खेळत व्हती! लाज वाटायला गेलो व्हतो, छाती फुगून आली. शेजारी सेनगावकडचे चौघं व्हते, त्यांच्या तोंडून "वा! वा!" निघून राहिलं. माझ्या जिभेवर आलं व्हतं, "माझी बहीण हाय." गिळून टाकलं.

मग पैजेची वेळ आली. रीत अशी की पारूनं गर्दीत चेंडू फेकायचा आन् झेलंल त्यानं पुढं यायचं. तिनं फेकला. तो सरळ माझ्याकडं आला. आन् हात ऐकतात व्हय? हात चेंडूसंगं खाली गेले, चेंडू पोटाशी, मी गुडघ्यात. घोंगडं घसरलं.

सारं गोदाम हसून राहिलं व्हतं. पारू हसली न्हाई. तिनं माझं तोंड नंतर पाहिलं, झेलणं आधी वळखलं.

"सटवा!" ती वरडली. "सटवा, आलास रं!"

सेनगावचा एक जण मला म्हणला, "कोण हाय रं ती तुझी?"

मी म्हणलो, "कोणी न्हाई." चेंडू भुईवर ठेवला, घोंगडं उचललं आन् भायेर पडलो. घरापस्तोर मागं वळून पाहिलं न्हाई. पंचमीला बायकोच्या हातच्या पुरणाच्या कान्हुल्या खाल्ल्या.

सात वर्षं गेली. पंच मेले, बाप बी गेला. औंदाच्या उन्हाळ्यात हिंगोलीला गेलो तर त्याच जिनिंगच्या फाटकावर धर्मसिंग दिसला, म्हातारा, पहारेकरी झालेला. त्यानंच मला वळखलं.

"तूच ना सटवा? तेरी बहन पाँच दिन इसी फाटक पे बैठी थी. ट्रंक भर के, नई साडी पहन के. बोली, मेरा मुराळी आया है, शरमा के गया, गाडी लेके आयेगा. कंपनी निकल गई, वो नहीं उठी."

पंचमीच्या तोंडावर भाऊ आला म्हणजे न्यायलाच आला. आमच्या मुलखात दुसरं काय समजंल कोणी? तिनं तेच समजलं आन् भिजत बसली. तिच्या जागेवर दुसरी पोरगी घेतली गेली. तिचा खेळ तिथंच सरला. पैजेत कोणाला हरली न्हाई, माझ्यापायी हरली.

धर्मसिंगानंच पत्ता सांगितला, ती जवळा बाजारला व्हती. वीटभट्टीवर इटा फेकायची. गुडघा आखडलेला. मी समोर जाऊन उभा राहिलो. शिव्या देईल, थुंकंल, सारं कबूल व्हतं. ती म्हणली, "माय कशी हाय?"

म्या कार्डांचं सांगितलं, अंघोळीचं सांगितलं. तिनं हातातली वीट खाली ठेवली. मग म्हणली, "पंचमीला येतोस का?"

गेलो. रझाकारांच्या भेवानं रस्ते ओस पडले व्हते, तरी गाडी जुपून गेलो. येताना तिनं बैलांची नावं विचारली, शेतांची विचारली. गावाच्या शिवेवर मिराबाई पाटलीण भेटली. गाडीत वाकून बघत म्हणली, "कोण हाय रं सटवा गाडीत?"

आता म्हणायचं, "माझी बहीण पारू." तीन शब्द. सोयरीक जमत आलेली माझी पोरगी डोळ्यांपुढं आली. माझं तोंड उघडं ते उघडंच.

पारूनं एक डाव माझ्याकडं पाहिलं आन् पदर पुढं ओढला. "कोणी न्हाई बाई," ती म्हणली. "शेत निंदायला आणलीय मला."

माझाच शब्द. तिनं माझी लाज झेलली, टरबुजावाणी, फुटू दिली न्हाई.

पंचमीला बाया लिंबाच्या झोक्यावर गेल्या, फुगड्या झाल्या. पारू ओसरीत बसून ऐकत राहिली. निंदणारीला कोण बोलावतंय? दुसऱ्या दिवशी तिनं खुरपं मागितलं. मी म्हणलो, "राहू दे न." तर म्हणली, "लोक काय म्हणतील?" आखडला गुडघा घेऊन ती बापाच्याच शेतात मोलकरणींच्या वळीत बसली, दिवसभर निंदत. मी बांधावर उभा. तिसऱ्या दिवशी तिला जवळ्याला सोडून आलो. उतरताना म्हणली, "आलास बरं का मुराळी," आन् गेली.

घरी आलो, मग मला राहवंना. पारावर चार माणसांत उभा राहिलो आन् वरडून सांगितलं, ती निंदणारी माझी बहीण व्हती, पारू. दगडोबाची पारू. काय करायचं ते करा!

कोणी काई केलं न्हाई. मिराबाई पाण्याची घागर घेऊन चालली व्हती, ती थांबली.

"ठावं हाय की," ती म्हणली. "शिवेवरच वळखली म्या. तुझ्या तोंडातून यावं म्हणून तर इचारलं. भावानं नाव घेतल्याबिगर आमी कसं घ्यावं? आमी पंचमीला दिवसभर एक झोका मोकळा ठेवला व्हता."