लोटू घरी नव्हता

नवागामात शोभाबाई घरी बसून लूमसाठी सुताच्या कांड्या भरून द्यायची. नवरा धुडकू लूमच्या खात्यात, कापडाच्या कारखान्यात, कामाला. मुलगा लोटू दहावी नापास झाला, तसा तोही तिथेच लागला. एकदा सूत तुटलं म्हणून मुकादमानं सगळ्यांदेखत त्याच्या कानाखाली वाजवली. धुडकू बाजूच्या लूमवर उभा होता. त्यानं मान वर केली नाही. लोटू पुन्हा कामावर गेला नाही.

तो वस्तीत मंडळ चालवणाऱ्या धर्मेंद्रकडे बसू लागला. तिथे कॅरम होता, चहा होता, भाषणांच्या कॅसेटी होत्या. गुटखा सुटला, पहाटे अंघोळ, कपाळाला टिळा. शोभाबाईला वाटलं, पोरगं मार्गी लागलं. एकदा तिनं विचारलं, एवढं काय आहे तिथे? तो म्हणाला, "माय, तठे माले लोटूभाई म्हनतस."

पुढे तो जेवताना 'त्या लोकां'बद्दल बोलू लागला. त्या लोकांत कपडे शिवणारे याकूब मास्तरही मोडत. लोटूचा शाळेचा गणवेश दरवर्षी त्यांनीच शिवला होता. शोभाबाई ऐकायची आणि ताटात भाजी वाढायची.

ब्याण्णवच्या डिसेंबरात शहर पेटलं. मास्तरांचं शेजारच्या लिंबायतमधलं दुकान जाळलं, मशीन ओढून काढताना त्यांचे दोन्ही हात भाजले. त्या संध्याकाळी लोटू घरी आला. अंगाला रॉकेलचा वास येत होता. शोभाबाईनं पाणी तापवून दिलं. तिला रडू आलं नाही, रागही आला नाही.

पोलीस चौकशीला यायच्या आधी धर्मेंद्र येऊन सांगून गेला, की मावशी, पोरगा दिवसभर घरीच होता म्हणा. धुडकूनं तसंच सांगितलं. मग फौजदारानं तिला विचारलं.

"घरी नव्हता," ती म्हणाली.

लोटूला नेलं. धर्मेंद्र पुन्हा त्यांच्या गल्लीत फिरकला नाही, वकीलही त्यानं दिला नाही. धुडकूनं बायकोशी बोलणं टाकलं. दुकान गेल्यावर मास्तर बिऱ्हाड घेऊन कुठे गेले, हे तिनं कुणाला विचारलं नाही.

जामिनावर सुटून लोटू आला तेव्हा वाळला होता. भाकरी मोडत म्हणाला, "काबर सांगं तू?"

"तू घर नव्हता, म्हनीसन."

त्यानं ताटातलं सगळं संपवलं.

आता तो पलसाण्याला कापड रंगवायच्या मिलमध्ये आहे, तिथेच खोलीवर राहतो. सणाला येतो. टिळा अजून लावतो. तिकडे कुणाबरोबर बसतो-उठतो, ते तो सांगत नाही. शोभाबाईही विचारत नाही.