समघन द्रवाचं उदाहरण

“चान्या म्हणजे काय?” साहेबांनी विचारलं.

मी फळ्याजवळ उभी होते. खडू अजून हातात होता. समोर बाकांवर भरणी खात्यातल्या, बाटल्या भरणाऱ्या बायका. कुणी हसलं नाही. हसल्या असत्या तर परवडलं असतं. पुढच्या बाकावरची एक जण शेजारणीच्या कानाशी काहीतरी पुटपुटली आणि शेजारणीने लगेच पदर नीट केला. मागे सुभद्रा बसली होती. तिने माझ्याकडे एकदा बघितलं आणि मान खाली घातली.

“सांग ना. चान्या म्हणजे काय?”

साहेबांना माहीत होतं. ज्याला खरंच माहीत नसतं तो त्या आवाजात विचारत नाही. पण हे मला पुढे कळलं. तेव्हा मला वाटलं, शिकवणारा माणूस विचारतोय, तर सांगायला हवं. मी सांगितलं. मोठ्या जनावराचं मांस लांब लांब चिरायचं, मीठ चोळायचं, दोरीवर उन्हात वाळवायचं. पावसाळ्यात काही मिळत नाही तेव्हा त्याचं कालवण करायचं. ते निवलं की वर चरबीचा थर धरतो, तिखट खाली बसतं, मधे नुसतं पाणी. वरची पळी हलकी, खालची जड. म्हणून ते समघन नाही.

साहेबांनी नाकाला रुमाल लावला. खोलीत वास होता तो फक्त खोकल्याच्या औषधाचा. गोड.

“बस खाली,” ते म्हणाले. “औषधाच्या कारखान्यात असली उदाहरणं देत नसतात.”

मी बसले. बाकावर माझ्या बाजूला जागाच जागा झाली होती.

पन्नास सालानंतरची गोष्ट. पिंपरीला मोठ्या रस्त्याच्या कडेने तेव्हा कारखाने उभे राहायला लागले होते. आमचा अगदी लहान. पत्र्याच्या दोन शेड, एक विटांची खोली, बाहेर नळ. खोकल्याचं औषध आणि पोरांसाठी टॉनिक, एवढंच काय ते व्हायचं. मी दापोडीहून रुळाच्या कडेकडेने चालत यायचे. वडील देहूरोडला लष्कराच्या डेपोत हमाल. मी सातवी पास, आमच्या वस्तीतली तेवढं शिकलेली पहिली मुलगी. आमचं आडनाव मराठ्यांतही असतं. कामावर घेताना कुणी जात विचारली नाही, मीही सांगितली नाही. लपवायचं असं ठरवलं नव्हतं. पण कुणी विचारत नाही याचं सुख फार होतं, ते मी गुपचूप भोगत होते. सगळ्यांच्या माठातलं पाणी सगळ्यांच्या पेल्याने प्यायचे. पिंपरी गावातली सुभद्रा, चांगल्या शेतीवाल्या घरची सून, दुपारी मला तिच्या डब्यातली भाकरी मोडून द्यायची. मी खायचे.

साहेब पुण्याचे. रसायनशास्त्र शिकलेले. खरं सांगायचं तर मला ते आवडायचे. इतर कारखान्यांत बायकांना नुसतं राबवून घ्यायचे. आमचे साहेब शनिवारी काम सुटल्यावर फळा लावून शिकवायचे. त्यांना टाकीवर नमुने घ्यायला दोघी जणी कायमच्या हव्या होत्या. तोंडी परीक्षा घेऊन निवडणार होते. कायम म्हणजे महिन्याचा पगार, पावसाळ्यात घरी बसवणं नाही, आणि हातात भरणीच्या नरसाळ्याऐवजी काचेची नळी. मला ती जागा हवी होती. एवढी हवी होती की येता-जाता रुळाच्या खडीवर मी व्याख्या पाठ करत चालायचे.

शब्द होता समघन. साहेब इंग्रजी शब्दही सांगायचे, पण फळ्यावर हाच लिहायचे. एखाद्या द्रवातून कुठूनही सारख्याच मापाचा भाग घ्या, वरून घ्या, मधून घ्या, तळातून घ्या, वजन सारखंच भरलं तर तो द्रव समघन. साखरेचा पाक नीट मिसळला नाही तर तळाला जड राहतो. मग पहिल्या बाटल्या घेणाऱ्याच्या नशिबी एक औषध आणि शेवटच्या बाटलीत दुसरंच. म्हणून टाकीतून तीन ठिकाणचे नमुने घ्यायचे. प्रत्येकात शिसं भरलेली काचेची नळी सोडायची. ती तरंगते. द्रव जड असेल तितकी वर राहते. नळीवरची रेघ वाचायची. तिन्हीकडे रेघ एकच आली तरच भरणी सुरू.

साहेब बजावून सांगायचे, “समघन म्हणजे जड नव्हे. आणि समघन म्हणजे शुद्ध असंही नव्हे. पाण्यात मीठ पूर्ण विरघळलं तर ते पाणी शुद्ध राहत नाही, पण समघन असतं. आणि ढवळत असताना कधी तपासायचं नाही. थोडं थांबू द्यायचं. मग खरं कळतं.” आणखी एक सांगायचे. व्याख्या अर्धी सांगायची नाही, अर्धी व्याख्या म्हणजे खोटी व्याख्या.

मला हे सगळं पटकन समजलं. कारण आईचं पातेलं माझ्या डोळ्यासमोर होतं. तोंडी परीक्षेच्या शनिवारी साहेब म्हणाले, समघन नसलेल्या द्रवाचं उदाहरण द्या, घरातलं द्या. इतर बायका अडखळत होत्या. मी हात वर केला. घरातलं म्हणाले, म्हणून घरातलं दिलं. आपलं घर त्यांच्या ‘घरातलं’मध्ये धरलेलं नाही, हे मला कसं कळावं?

त्या दिवशी घरी आले ती हात धुवत बसले. कपडे धुवायच्या साबणाने, पुन्हा पुन्हा. हाताला वास नव्हता, तरी येत होता. केसांना येत होता. मला शरम वाटत होती. नुसती साहेबांची नाही, त्या बायकांची नाही. आईची शरम वाटत होती. तिच्या दोरीची, तिच्या पातेल्याची. आणि आईची शरम वाटते म्हणून स्वतःची आणखी वाटत होती. जमिनीने पोटात घ्यावं असं म्हणतात ना, तसं खरंच वाटतं माणसाला.

आई म्हणाली, “ज्येव की.”

मी तिला काय झालं ते सांगितलं.

तिने ताटातला हात थांबवला. “खोटं सांगितलंस का तू?”

“नाही.”

“मंग मान तुजी का खाली? ज्येनं मुद्दाम इचारलं त्येची का न्हाई?”

तिचं बोलणं मला तेव्हा पटलं नाही. मला तिचा रागच आला. तिला काय जातंय बोलायला, असं वाटलं.

सोमवारी सुपरवायझर बाईंनी मला दारातच थांबवलं. बाई चांगल्या घरच्या, आवाज नेहमी मऊ. “तू आजपासून मागच्या शेडमध्ये हं, बाटल्या धुवायला. आणि उद्यापासून पाण्याचा पेला घरून आण.”

“सगळ्यांनी आणायचा का?”

“तू आण. मी माठातून वाढत जाईन तुला. स्वच्छतेचा प्रश्न असतो गं.”

मी पेला नेला. पितळी, वडिलांचा. बाई वरून धार सोडायच्या, मी खाली धरायचे. पेला टेकू नये म्हणून त्या हात आणखी उंच करायच्या आणि पाणी माझ्या मनगटावरून कोपरापर्यंत ओघळायचं.  काही दिवसांनी तर मी स्वतःहूनच लांब उभी राहायला लागले. दुपारी कुणी उठवायच्या आत मी मागच्या भिंतीशी जाऊन बसायचे.  त्यांना मला हाकलावं लागलंच नाही. त्यांचं अर्धं काम मीच करत होते.

शेडमध्ये धुण्याच्या सोड्याने बोटांची सालं निघायची. मी धुतलेल्या बाटल्यांतच ते औषध भरलं जायचं. ते पुण्यात जायचं, वाड्यावाड्यांतली पोरं प्यायची. त्या बाटल्यांना माझा हात चालत होता.

एकदा नळावर सुभद्रा एकटी भेटली. ती इकडेतिकडे बघून म्हणाली, “आदी सांगायचंस की गं मला. तुज्यासंगं जेवलेय मी. सासूला कळलं तर घरात घील का मला?”

“मी तुझं काही नासवलं का सुभद्रा?”

“तसं न्हाई गं. पर आमी गावात ऱ्हातो.”

तिच्या डोळ्यांत पाणी होतं. तिला खरंच वाईट वाटत होतं. म्हणूनच ते जास्त लागलं. साहेबांचा रुमाल मी विसरले असते कदाचित, पण सुभद्राचं ‘आदी सांगायचंस’ काही केल्या विसरता येत नव्हतं. आधी सांगितलं असतं तर तिने भाकरी दिलीच नसती, एवढाच त्याचा अर्थ.

महिना दीड महिना गेला. टाकीवर निवडलेल्या दोघींपैकी एकीला रेघ वाचता येईना. एका टाकीचा पाक खाली जड राहिला आणि भरलेल्या सगळ्या बाटल्या परत ओताव्या लागल्या. तेव्हा सुपरवायझर बाई मागच्या शेडमध्ये आल्या. पहिल्यांदाच.

“साहेब तुझी परत तोंडी घेणार आहेत. तुला सगळं येतं, त्यांना माहीत आहे. फक्त उदाहरण ताकाचं दे. ताक घुसळून ठेवलं की लोणी वर येतं, असं म्हण. आणि मागचं चुकून बोलले म्हण. झालं.”

“आणि पेला?”

“पेला काय, तो आणतच राहा. त्यात एवढं काय आहे?”

त्या रात्री मी ताकाचं उदाहरण पाठ केलं. खोटं कशाला बोलू, मी ते म्हणणारच होते. कायमची जागा होती. वडिलांची पाठ गेली होती. उदाहरणच तर बदलायचं होतं.

साहेबांच्या खोलीत मी उभी राहिले. त्यांनी विचारलं, समघन म्हणजे काय. मी पूर्ण सांगितलं. नळीची रेघ कशी वाचायची विचारलं. सांगितलं. ते खूष दिसत होते. मग म्हणाले, “आता समघन नसलेल्याचं एक उदाहरण. ताकाचं दे. सोपं आहे.”

मी तोंड उघडलं. आणि माझ्या डोळ्यासमोर ताक आलं. आमच्याकडे येणारं ताक गावातून मागून आणलेलं असायचं. लोणी काढून घेतलेलं, पाणी घालून घालून नुसतं पांढरं पाणीच झालेलं. वरून घ्या, खालून घ्या, सारखंच. आमचं ताक समघन होतं. त्यावर लोणी आलेलं मी जन्मात पाहिलेलं नव्हतं.

“मला ताकाचं माहीत नाही,” मी म्हणाले. “मागच्या वेळी दिलेलं उदाहरण चूक होतं का साहेब?”

“तो प्रश्न नाही.”

“चूक होतं का?”

साहेबांनी चष्मा काढला. “चूक असं नव्हतं. पण…”

“पण काय?”

“तू समजून घे.”

“मला समजत नाही. अर्धी व्याख्या सांगायची नाही, असं तुम्हीच शिकवलंय. पण काय, ते पूर्ण सांगा.”

 माझा आवाज अगदी रडवेला झाला होता. कुणी बाहेरून ऐकलं असतं तर त्याला वाटलं असतं ही बाई माफी मागतेय. पण मी त्यांच्या तोंडाकडे बघत उभी राहिले. साहेब टेबलावरचे कागद सारखे करत बसले. एवढा शिकलेला माणूस. प्रत्येक गोष्टीची व्याख्या येणारा. त्याला एक शब्द उच्चारता येईना. शिवाशिवीविरुद्धचा कायदा झालेला होता तोवर. शब्द तोंडातून निघाला असता तर त्याला धरता आलं असतं. आणि कायद्याचं सोडा, त्या शब्दाने त्यांनाच स्वतःकडे बघावं लागलं असतं.

“जा कामाला,” ते म्हणाले.

जागा गेली. ते मला खोलीबाहेर पडतानाच कळलं. घरी काय सांगायचं, ते ठरवायचं होतं. तहान लागली होती. मी सरळ माठाशी गेले. दुपारची सुट्टी, बायका उभ्या होत्या.

“तुझा पेला कुठाय?” सुपरवायझर बाईंनी विचारलं.

“शेडमध्ये आहे. उद्यापासून आणणार नाही.”

“कामावरून कमी करतील तुला.”

“करा. कारण कागदावर लिहून द्या.”

मी माठावरचा पेला उचलला, बुडवला, प्यायले. सुभद्राची पाळी माझ्यानंतर होती. ती पाणी न पिताच परत गेली. दुसऱ्या दिवशी तो माठ फोडून टाकलेला होता. खापऱ्या नळाजवळ पडल्या होत्या. जागेवर नवा माठ. मी त्यातूनही प्यायले. बायका घरून पाणी आणायला लागल्या. कित्येक महिने त्या माठावर मी एकटीच.

चान्या पुढे आमच्या वस्तीने सोडल्या. आपण होऊन, सभा घेऊन, आपल्या मनाने सोडल्या. कुणाच्या नाकाला रुमाल लागला म्हणून नव्हे.

मला त्या कारखान्याने कायम केलं नाही, आणि कमीही केलं नाही. कमी करायचं तर कारण लिहावं लागलं असतं. नंतर मी आणखी ठिकाणी कामं केली. अशी माणसं सगळीकडे भेटली. मऊ बोलणारी, स्वच्छतेचं सांगणारी, समजून घे म्हणणारी. मी समजून घेत नाही. ज्याला मला लांब ठेवायचंय त्याने कारण स्वतःच्या तोंडाने बोलावं, चारचौघांत, पूर्ण. तोवर मी जागची हलणार नाही.